गादी बसली की पलंग बसला? चिपळूणच्या एका घरातलं प्रकरण

चिपळूणमधलं तळमजल्यावरचं दोन खोल्यांचं घर. राहणारी माणसं दोनच. काका ७३ वर्षांचे, वजन ७८ किलो, कंबरेचं दुखणं जुनं. काकू ६८ वर्षांच्या, वजन ५६ किलो, दोन्ही गुडघे कुरकुरणारे. मुलगा पुण्यात नोकरीला. त्याने आई-वडिलांसाठी ७८ बाय ६० इंचांची, सहा इंच जाडीची नैसर्गिक लेटेक्सची, म्हणजे रबराच्या चिकापासून बनवलेली, गादी घेऊन पाठवली होती. पंधरा महिन्यांत काकांच्या बाजूला खड्डा पडला. पावसाळा संपता संपता खोलीत कुबट वास यायला लागला. कंपनीचा माणूस येऊन फोटो काढून गेला आणि चार दिवसांत उत्तर आलं : दावा नामंजूर, कारण गादीखालचा आधार अयोग्य.

मुलगा चिडला होता. आता दुसऱ्या कंपनीची, आठ इंची गादी घ्यायची असं त्याने ठरवलंच होतं. त्याला मला विचारायचं होतं ते फक्त 'कोणती' एवढंच. मी त्याला म्हटलं, आधी पलंग बघू दे, गादीचं नंतर बोलू.

फर्निचरच्या कामात हे वारंवार दिसतं. गादीसाठी माणसं दुकानं पालथी घालतात, झोपून बघतात, घनता विचारतात, आणि ती टाकतात मात्र घरात जे काही चौकोनी असेल त्यावर. दुकानदारही 'पलंग कसला आहे?' हा प्रश्न विचारत नाही, कारण त्या प्रश्नाच्या उत्तरात विक्री लांबते. या घरात तेच झालं होतं. पण इथला पलंग तसा का होता, त्यालाही एक कारण होतं आणि ते समजून घेतल्याशिवाय पुढचं काही सुचवणं बरोबर झालं नसतं.

पुरानंतरचा पलंग

२२ जुलै २०२१ च्या पुरात वाशिष्ठी नदीचं पाणी या घरातही शिरलं. तेव्हा तिथे पार्टिकल बोर्डचा बॉक्स बेड होता, खाली भरपूर सामान ठेवता येईल असा. पाणी ओसरल्यावर तो बेड चहात बुडवलेल्या पावासारखा फुगून खाली बसला होता. बोर्डच्या कडा सुटल्या, स्क्रू हाताने निघून आले, आत ठेवलेल्या गोधड्या आणि साड्या चिखलासकट बाहेर काढाव्या लागल्या. काकांनी तेव्हाच ठरवलं, की यापुढे घरात भुशाचं लाकूड नाही, पलंगाखाली खण नाही, पलंग लोखंडीच.

हा निर्णय अर्धा बरोबर होता, आणि तो अर्धा मी शेवटपर्यंत सोडला नाही. नदीकाठच्या गावात तळमजल्यावर राहणाऱ्याने पलंगाखाली बंद पेटी ठेवू नये, हे मलाही पटतं. पण पलंग बनवला वेल्डिंगवाल्याने. वेल्डिंगवाला चौकटीचा विचार करतो : कोपरे काटकोनात आहेत का, पाय हलत नाहीत ना. वर काय टाकायचं ते त्याच्या कामात येत नाही. त्याने बाजूंना अँगल, चार कोपऱ्यांना चार पाय आणि आडवे पाच पाइप दिले. पाइप एक इंची चौकोनी, १८ गेजचे, म्हणजे पत्रा सुमारे १.२ मिलिमीटरचा. दोन पाइपांमध्ये १३ इंचांचं अंतर. मध्ये पाय नाही. त्यावर काकांनी बाजारातून ६ मिलिमीटरचा कमर्शियल प्लाय आणून दोन तुकड्यांत अंथरला. त्यावर सुरुवातीला कापसाची जुनी गादी होती, तोवर सगळं ठीक चाललं.

कापसाची गादी कशावरही चालते. ती स्वतःच गोळे होऊन बसते, खड्डा पडला की पिंजाऱ्याकडे जाते, आणि महिन्यातून एकदा काकू ती एकट्याने ओढत अंगणात उन्हात टाकत. लेटेक्सच्या गादीला यातलं काहीच लागू पडत नाही. तिचं वजनच बघा : लेटेक्सची घनता घनमीटरला ८० किलो धरली तर या मापाची सहा इंची गादी सुमारे ३७ किलोची होते, आणि ती लवचिक असल्याने उचलताना हातातून निसटते. शिवाय उन्हात टाकली तर लेटेक्स कडक होऊन भुगा व्हायला लागतो. म्हणजे या दोघांना ती उचलून वाळवणं शक्य नाही आणि उन्हात टाकणं तर चालतच नाही. ती जिथे आहे तिथेच, न उचलता, कोरडी राहिली पाहिजे. या प्रकरणातली सगळ्यात मोठी अट हीच होती, आणि ती गादीच्या माहितीपत्रकात कुठेही लिहिलेली नव्हती.

दोरी, पट्टी आणि टॉर्च

तपासणीला फार काही लागत नाही. गादीवरच्या चादरी काढल्या, उशाकडून पायाकडे घट्ट दोरी ताणली आणि दोरीपासून गादीच्या पृष्ठभागापर्यंतचं अंतर स्टीलच्या पट्टीने मोजलं. गादीवर कोणी नसताना काकांच्या बाजूला, कमरेच्या जागी, १९ मिलिमीटरचा खड्डा. काकूंच्या बाजूला ८. कंपनीच्या माणसाने हेच मोजलं असणार.

मग गादी हॉलमध्ये, फरशीवर अंथरली आणि रात्रभर तशीच ठेवली. सकाळी पुन्हा दोरी लावली. काकांच्या बाजूचा खड्डा आता फक्त ७ मिलिमीटरचा होता. म्हणजे १९ पैकी १२ मिलिमीटर गादीचे नव्हतेच. ते कुठून आले हे बघायला लांब जावं लागलं नाही. उघड्या पलंगावर, नुसत्या प्लायवर दोरी लावली, तर त्यालाच ११ मिलिमीटरचा कायमचा झोळ पडलेला होता. पातळ प्लाय, खाली ओल, वर रोज रात्री तेच वजन त्याच जागी. तो तसाच वाकून राहिला होता.

हे झालं कोणी झोपलेलं नसताना. नंतर गादी परत टाकून काका-काकूंना झोपायला सांगितलं आणि मी टॉर्च घेऊन पलंगाखाली गेलो. मधल्या पाइपाखाली पट्टी उभी धरली. दोघं झोपल्यावर पाइप मध्यभागी १३ मिलिमीटर खाली आला. प्लाय दोन पाइपांमध्ये आणखी पाचेक मिलिमीटर. कायमचा झोळ यात धरलेला नाही. म्हणजे रात्री काकांच्या कमरेखालचा आधार साधारण तीन सेंटिमीटर खाली गेलेला असे, आणि लेटेक्स बिचारं त्या आकाराच्या मागे मागे जात होतं. लवचिक गादी खालच्या खड्ड्यावर पूल बांधत नाही, ती त्यात उतरते. काथ्याची जुनी कडक गादी असती तर तिने हे बरंच लपवलं असतं.

आठ इंची गादी घेऊन यातलं काय सुटलं असतं? काही नाही. वजन मात्र ३७ वरून ४९ किलो झालं असतं, आणि ते सगळं त्याच पाइपांवर.

आता इथे थोडं गणित, कारण सगळा खर्च त्यावर ठरला. आडव्या दांड्यावर सगळीकडे सारखं वजन असेल, तर त्याचा वाक लांबीच्या चौथ्या घाताने वाढतो. ६० इंचांच्या पाइपाला बरोबर मध्ये एक टेकू दिला, की लांबी निम्मी होते आणि वाक सोळाव्या हिश्श्यावर किंवा त्याहूनही खाली येतो. प्लायच्या जाडीचं उलटं : जाडी दुप्पट केली की ताठपणा आठपट होतो. म्हणून ६ ऐवजी १२ मिलिमीटरचा प्लाय घेणं म्हणजे 'थोडा जाड' घेणं नव्हे. आणि म्हणूनच दोघांच्या पलंगाला मधली आडणी, म्हणजे मधोमध आधार देणारा दांडा, आणि तिला जमिनीपर्यंत जाणारा पाय नसेल, तर वरच्या लाकडावर कितीही पैसे घाला, फरक पडत नाही. दुकानातले महाग पलंगही मी असे पाहिले आहेत, की उशाला नक्षी सुरेख आणि मध्ये पाय नाही.

वास कुठून येत होता

गादी उलटी केली तेव्हा वासाचं कारण दिसलं. गादी ज्या प्लास्टिकमध्ये आली होती ते वरून फाडून काढलेलं होतं, पण खालच्या बाजूला तसंच ठेवलेलं होतं. काकूंचं म्हणणं, "खालून ओल लागू नये म्हणून मीच ठेवलं हो." हेतू चांगला होता, झालं उलट. झोपलेल्या माणसाच्या अंगातून रात्रभर घाम आणि वाफ निघते, ती गादीत उतरते. चिपळूणला वर्षाला तीन हजार मिलिमीटरच्या वर पाऊस पडतो आणि तो जवळजवळ सगळा चार महिन्यांत. त्या दिवसांत हवाच ओलीचिंब असते, वरून काही सुकत नाही. लेटेक्सला उभी भोकं असतात ती हवा खेळावी म्हणून. पण खाली प्लास्टिक, त्याखाली सलग प्लाय, त्याखाली ट्रंका आणि पाहुण्यांच्या गाद्या खच्चून भरलेल्या. भोकांनी हवा आणायची कुठून? प्लास्टिकच्या आत, काकांच्या पाठीच्या आकारात, काळपट-हिरव्या बुरशीचे ठिपके होते. प्लायच्या वरच्या बाजूलाही, जिथे प्लास्टिक सरकलं होतं तिथे, तीच नक्षी.

बुरशी सुदैवाने बहुतेक कव्हरवरच होती. चेन उघडून कव्हर धुतलं, आतला लेटेक्सचा भाग ओलसर फडक्याने पुसून सावलीत, पंख्याखाली उभा करून वाळवला. प्लाय फेकून दिला.

इथे या प्रकरणाची गाठ लक्षात येते. गादीखालच्या आधाराला दोन कामं असतात, भार झेलणं आणि श्वास घेऊ देणं, आणि ही दोन कामं एकमेकांच्या विरुद्ध ओढतात. सलग जाड फळी भार उत्तम झेलते, पण गादीचा खालून गळा दाबते. मोकळ्या पट्ट्या हवा देतात, पण अंतर जास्त झालं की गादी त्या फटींमध्ये उतरते. नागपूरकडे किंवा सोलापूरकडे, कोरड्या हवेत, पहिलं काम बघितलं तरी भागतं (तिथेही खोलीत कूलर चालू असेल तर जरा जपून). कोकणात दुसरं काम तितकंच महत्त्वाचं आहे. पूर्वीच्या नवारीच्या पलंगाला आणि काथ्याच्या बाजेला दुसरं काम आपोआप जमत होतं. त्यांचा झोळ मात्र प्रसिद्धच होता.

काय काय नाकारलं आणि का

मुलाची पहिली सूचना हायड्रॉलिक बॉक्स बेडची. आईला गोधड्या ठेवायला जागा होईल, म्हणाला. पूर आणि ओल ही दोन कारणं होतीच, तिसरं त्याला माहीत नव्हतं. हायड्रॉलिक बेडचे पंप ठरावीक वजनासाठी निवडलेले असतात. गादी जड निघाली तर झाकण वर टिकत नाही, हलकी निघाली तर खाली बसत नाही. सत्तरीतल्या माणसांच्या डोक्यावर ३७ किलोची गादी आणि झाकण पंपाच्या भरवशावर धरून ठेवायचं, हे मला नको होतं.

काकांचा हट्ट वेगळा. "मला अठरा मिलिमीटरचा मरीन प्लाय द्या, दगडासारखा. डॉक्टरांनी कडक झोपायला सांगितलंय." यात दोन गोष्टींची सरमिसळ आहे. खालचा आधार वाकू नये, हे बरोबर. पण झोपायचा पृष्ठभाग जितका कडक तितकी कंबर बरी, हे सिद्ध झालेलं नाही. २००३ साली 'लॅन्सेट' या वैद्यकीय नियतकालिकात स्पेनमधल्या कंबरदुखीच्या ३१३ रुग्णांवरचा अभ्यास आला होता. निम्म्यांना कडक गादी, निम्म्यांना मध्यम कडक. ९० दिवसांनंतर मध्यम कडक गादीवाल्यांचं दुखणं आणि हालचालीतला त्रास दोन्ही जास्त कमी झाले होते. काकांची लेटेक्सची गादी त्या मध्यम गटातलीच. तिला खालून सपाट, न वाकणारा आधार हवा होता. वरून दगड नको होता. काकांना हे पूर्ण पटलं असं नाही, पण 'आधी बघू' एवढ्यावर ते आले.

प्लायचा पर्याय मी तरीही कागदावर मांडला, कारण तो स्वस्त होता. आयएस ७१० या भारतीय मानकाचा मरीन प्लाय उकळत्या पाण्यातही सुटत नाही, तेव्हा पुराची भीती कमी. पण माप बघा. प्लायचं शीट येतं आठ बाय चार फूट, म्हणजे ९६ बाय ४८ इंच, ४६०८ चौरस इंच. पलंगाचं माप ७८ बाय ६०, म्हणजे ४६८०. अवघे ७२ चौरस इंच कमी पडतात आणि त्यासाठी दुसरं शीट फोडावं लागतं, किंवा मिस्त्री ४८ आणि १२ असे तुकडे जोडून सांधा नेमका एकाच्या बरगडीखाली आणतो. सांधा द्यायचाच तर तो मधल्या आडणीवर यायला हवा, हे सांगितल्याशिवाय होत नाही.

आणि हवा? 'भोकं पाडू की,' मिस्त्री म्हणाले. दर सहा इंचांवर एक इंची भोक पाडलं तर मोकळी जागा होते सुमारे २ टक्के. पट्ट्यांमध्ये ती ४५ टक्क्यांपर्यंत जाते. भोकं पाडलेला प्लाय डोळ्यांना हवेशीर वाटतो, गादीला फारसा नाही. हे घर भाड्याचं असतं, किंवा वरच्या मजल्यावर पूर्वेचं ऊन येणारी खोली असती, तर मी मधला पाय आणि भोकांचा १२ मिलिमीटर प्लाय एवढ्यावर थांबलो असतो.

गादी थेट फरशीवर टाकायची सूचना शेजाऱ्यांनी केली होती. तळमजला, कोकण, वाळवी. आणि काकूंचे गुडघे. पुढे बोलायची गरज नव्हती.

जे केलं ते

लोखंडी चौकट ठेवली. ती सरळ होती, जोड पक्के होते. पाच आडवे पाइप वेल्डिंगवाल्याकडून कापून काढले आणि उशापासून पायथ्यापर्यंत, बरोबर मध्यातून, ४० मिलिमीटर चौकोनी पाइपाची एक आडणी टाकली. तिला खाली दोन पाय, काढलेल्या पाइपांच्याच तुकड्यांचे. या पायांना खाली उंची कमीजास्त करायचा बोल्ट दिला. हा बोल्ट हा या कामातला सगळ्यात स्वस्त आणि सगळ्यात उपयोगी भाग. घरातली फरशी क्वचितच एका पातळीत असते. मधला पाय तीन मिलिमीटर आखूड राहिला तर तो दिसतो, पण टेकत नाही, म्हणजे नसल्यासारखाच. जास्त लांब झाला तर पलंग मध्ये उंच होऊन डुगडुगतो. दोघांना वर झोपवून, खालून बोल्ट हाताने फिरवत, जिथे तो घट्ट व्हायला लागला तिथे सोडला आणि नट आवळला.

पट्ट्यांसाठी लाकूड घरातच होतं. काकांच्या गावच्या घराची दुरुस्ती झाली तेव्हा निघालेले सागाचे जुने वासे पडवीत पडून होते. ते ठोकून बघितले. दोन पोकळ वाजले, आत किडा होता, ते बाजूला काढले. बाकीचे गिरणीत चिरून तीन इंच रुंद, २० मिलिमीटर जाड अशा १४ पट्ट्या काढल्या. दोन पट्ट्यांमध्ये अडीच इंच. लेटेक्स किंवा फोमच्या गादीखाली तीन इंचांहून जास्त फट असू नये, असं बहुतेक कंपन्या सांगतात. लेटेक्सचा मऊपणा बघून मी अर्धा इंच आत राहिलो. पॉकेट स्प्रिंगची गादी असती तरी मी यापुढे गेलो नसतो, कारण त्या स्प्रिंगा प्रत्येकी दोनेक इंचांच्या, सुट्या सुट्या काम करणाऱ्या. फट मोठी असेल तर एखादी ओळ अधांतरीच राहते.

पट्टी मधल्या आडणीवर टेकत असल्याने तिला प्रत्यक्षात ३० इंचच पार करायचे होते. २० मिलिमीटर जाडीच्या सागाला ते सहज जमतं. तीच पट्टी ६० इंच एकटी टाकली असती, तर माणसाच्या कमरेखाली दीडेक सेंटिमीटर वाकली असती आणि आपण पुन्हा होतो तिथेच आलो असतो.

बारीकसारीक गोष्टींवर मिस्त्रींशी थोडी हुज्जत झाली. पट्ट्यांच्या वरच्या कडा गोल मारून घ्या म्हटलं, नाहीतर गादीचं कापड रोज त्याच रेघेवर घासतं. तेही केलं. पॉलिश दोन्ही बाजूंना सारखं द्या म्हटलं, तर ते म्हणाले खालून कोण बघणार? बघणार कोणी नाही, पण एका बाजूने बंद आणि दुसऱ्या बाजूने उघडी पट्टी पावसाळ्यात ओल पिऊन पन्हाळीसारखी वळते. हे त्यांना माहीत होतंच, खालच्या बाजूचा रंगारी वेगळा लागत नाही एवढंच पटवावं लागलं. लोखंडाला रेड ऑक्साइड मारून वर रंग. लोखंड आणि लाकूड यांच्यामध्ये रबराची पट्टी, करकर होऊ नये म्हणून. पट्ट्या दोन्ही टोकांना एकेका स्क्रूने बसवल्या आणि त्या आडव्या सरकू नयेत म्हणून खालून नवारीचे दोन पट्टे मारले. नवार काकूंच्या माहेरच्या पलंगाची होती, पुरात धुऊन निघालेली, आणि अजून मजबूत.

उंची

हे मूळ तक्रारीत नव्हतं, पण काकू पलंगावर बसल्या तेव्हा त्यांचे पाय जमिनीला टेकत नव्हते. चौकट १७ इंच, प्लाय आणि गादी मिळून सव्वातेवीस इंच. त्यांच्या गुडघ्याच्या मागच्या वळणापासून जमिनीपर्यंत माप भरलं १७ इंच. रात्री उठताना त्या आधी पलंगाच्या कडेवर घसरत यायच्या आणि मग उडी मारल्यासारख्या उतरायच्या. दुखऱ्या गुडघ्यांना यापेक्षा वाईट काही नाही.

गादी बदलताना पलंगाची उंची कोणी मोजत नाही. जुनी चार इंची गादी जाते, सहा-आठ इंची येते, आणि पलंग आपोआप उंच होतो. म्हाताऱ्या माणसासाठी बसल्यावर, म्हणजे गादी दबल्यावरची उंची गुडघ्याहून इंचभर जास्त असावी. त्याहून खाली गेली तर उठताना गुडघ्यावर जोर येतो, फार वर गेली तर पाय लोंबकळतात. चौकटीचे पाय चार इंचांनी कापले. चौकट १३, पट्टी पाऊण इंच, गादी सहा. एकूण पावणेवीस, आणि कडेवर बसल्यावर सुमारे दीड-पावणेदोन इंच दबून साधारण अठरा. पलंगाखाली झाडू जातो एवढी जागा राहिली. ट्रंका मात्र राहिल्या नाहीत, त्यांना पोटमाळ्यावर जावं लागलं, आणि यावरून काकूंची माझ्यावर थोडी नाराजी अजून आहे. पण ट्रंका परत खाली गेल्या असत्या तर पट्ट्यांमधली ती ४५ टक्के मोकळी जागा ट्रंकांच्या झाकणांना हवा घालत बसली असती.

कंपनी, खर्च आणि नंतर

कंपनीच्या नकाराबद्दल मुलाचा राग अजून गेलेला नाही. माझं मत विचारलं तर ते दोन्हीकडे जातं. त्यांच्या वॉरंटी कार्डावर सपाट, टणक आणि पूर्ण आधाराची अट स्पष्ट आहे, दोघांच्या पलंगाला मधला पाय हवा हेही आहे, आणि तो इथे नव्हता. नकार कागदाला धरून होता. पण ते कार्ड बारीक इंग्रजी टाइपात, गादीच्या गुंडाळीच्या आत येतं. म्हणजे पैसे देऊन, गादी उघडून झाल्यावर तुम्हाला कळतं, की तुमचा पलंग चालणार नाही. विकणाऱ्याने पलंगाचा एक फोटो मागितला असता तरी हे प्रकरण घडलं नसतं. घेणाऱ्याने तो स्वतःहून दाखवावा आणि 'यावर चालेल' हे लिहून घ्यावं, असा माझा आग्रह असतो.

वेल्डिंग, गिरणी, मिस्त्री, पॉलिश सगळं धरून खर्च नव्या गादीच्या चौथ्या हिश्श्याच्या आत बसला, अर्थात लाकूड घरचं होतं म्हणून. बाहेरून साग घेतला असता तर तो तिसऱ्या हिश्श्यापर्यंत गेला असता. तरी गादी वाचली.

त्यानंतरचा पावसाळा गेल्यावर पुन्हा दोरी लावली. काकांच्या बाजूला ७ मिलिमीटर, म्हणजे फरशीवर होता तेवढाच. तो खड्डा लेटेक्सचा स्वतःचा आहे आणि तो राहणार. गादी उशाची पायाकडे फिरवून टाकली, की निदान एकाच जागी खोल होत नाही. दोघं झोपल्यावर काकांच्या कमरेखालची पट्टी ३ मिलिमीटर वाकते, मधली आडणी हलत नाही. गादीखाली हात घातला तर कोरडा. वास नाही.

काकांची कंबर? दुखते, पण सकाळी उठताना कमी, असं ते म्हणतात. यातलं किती पलंगामुळे आणि किती त्या वर्षी सुरू केलेल्या व्यायामामुळे, ते सांगता येणार नाही. आणि अठराच्या मरीन प्लायबद्दल त्यांचं मत बदललेलं नाही. वरच्या मजल्यावरच्या भाडेकरूंनी नवी स्प्रिंगची गादी घेतली तेव्हा काकांनीच त्यांना वर जाऊन सांगितलं, की आधी पलंगाखाली टॉर्च मारून मधला पाय आहे का बघा, आणि असला तर तो जमिनीला टेकतो का तेही बघा. होता. टेकत नव्हता. दोन नाण्यांएवढी फट होती, तिथे रबराचा तुकडा सारून भागलं.